वॅल्डाने तोंड मिटलं

वॅल्डा माझी धाकटी बहीण. आमच्या आया सख्ख्या बहिणी, म्हणजे आम्हीही सख्ख्याच. आमच्यात मावस-बिवस काही नसतं. मी थोरली, त्यामुळे तिला शिव्या घालायचा हक्क माझा, आणि तो मी भरपूर वापरलाय. पण तिच्याइतकी बडबडी बाई या वाळवंटात दुसरी नव्हती. किटलीतलं पाणी उकळेपर्यंत चार गोष्टी सुरू करायची आणि एकही संपवायची नाही. आणि बसणं म्हणून ठाऊक नाही. चहा उभ्याने, जेवण उभ्याने, या पायावरून त्या पायावर. "बस की गं जरा, मला बघून चक्कर येते," असं मी म्हणायचे. ती म्हणायची, "आक्का, तुरुंगात बसून बसून कंटाळले. आता मरेपर्यंत उभी राहणार."

तुरुंगात का गेली ते आधीच सांगते, नाहीतर लोक भलतंच सांगतात. तिचा नवरा मारायचा. त्याचं नाव मी घेणार नाही. गेलेल्या माणसाचं नाव आमच्यात घेत नाहीत, आणि तो जिवंत होता तेव्हाही ते घेऊन माझं तोंड काही गोड झालं नव्हतं. पिऊन मारायचा, न पिताही मारायचा. प्यायल्यावर नेम चुकायचा एवढाच काय तो फरक. वॅल्डाचा डावा हात अजून कोपरातून सरळ होत नाही. एका दुपारी तिने कंद खणायची काठी उचलली आणि त्याच्या डोक्यात घातली. तो दवाखान्यात गेला आणि बरा होऊन आला. ती आत गेली. पोरगी, टनीशा, तेव्हा नुकती शाळेत जायला लागलेली. तिला तिच्या आत्याने, लोर्नाने, गाडीत घातलं आणि यलो वेलला नेलं. आमच्यापासून अर्ध्या दिवसाचा धुळीचा रस्ता. बरा झाल्यावर तोही तिथेच राहायला गेला.

वॅल्डा सुटून आली तेव्हा घर नव्हतं, पोर नव्हती, अंगावरचे कपडेसुद्धा कुणीतरी दिलेले. ती बायकांच्या घरात राहायला आली. हायवेच्या कडेला, जुन्या पेट्रोल पंपामागे, पत्र्याचं लांबलचक घर. नवऱ्यातून सुटलेल्या, तुरुंगातून सुटलेल्या, दारूतून सुटलेल्या अशा आम्ही तिथे राहतो. मी दारूवाली. कितव्यांदा सुटले ते विचारू नका.

तिथे वॅल्डाने स्वतःला पुन्हा उभं केलं, आणि ते मी डोळ्यांनी पाहिलंय. दारूला शिवली नाही. शाळेत पोरांच्या न्याहारीचं काम धरलं. पहाटे उठायची, पाव भाजायची, अंडी फोडायची, शेंबड्या पोरांची नाकं पुसायची. साऱ्या गावाच्या पोरांच्या तोंडात घास, आणि हिची पोर हिच्याशी फोनवर बोलायला तयार नाही. दर रविवारी ती यलो वेलला फोन लावायची. लोर्ना उचलायची. "नको म्हणते," एवढं बोलून ठेवायची. मग वॅल्डा अंगणात फेऱ्या मारायची, कुत्रीसुद्धा तिच्या मागे मागे फिरून दमायची.

अशात जेस आली. जेस पिक्चर काढणारी. तिची आजी आमच्यासारखीच, गोरे यायच्या आधीपासून इथे असलेल्या लोकांतली, पण कुठल्या तरी दुसऱ्या मुलखातली, आणि जेस वाढली ॲडलेडला. मोठ्या कंपनीचा पिक्चर नव्हे. इकडून तिकडून मागून आणलेले पैसे, भाड्याचा कॅमेरा, आणि चार पोरं, जी दिवसभर उन्हाने लाल होऊन फिरायची आणि संध्याकाळी वाटाण्याचं काहीतरी वाटलेलं खायची. जेसला आमच्या घरावर गोष्ट करायची होती. नट्या आणणार नव्हती, म्हणाली तुम्हीच करा. सगळ्याजणी लाजल्या, तोंडावर हात ठेवून खिदळल्या. वॅल्डा म्हणाली, "मी करते. नाहीतरी मी गप्प कुठे बसते?"

ती बातमी यलो वेलला पोचली, कशी ते विचारू नका, आमच्याकडे बातमीला पेट्रोल लागत नाही. पुढच्या रविवारी लोर्नाने फोन उचलला आणि 'नको म्हणते' म्हणाली नाही. आधी नुसता श्वास ऐकू आला. मग चौदा वर्षांच्या पोरीचा जाड आवाज. "तू पिक्चरमध्ये आहेस, खरं?"

"खरं," वॅल्डा म्हणाली.

"इथे कोणी मानत नाही. लागला की येईन बघायला. बघून परत जाईन."

झालं, एवढंच बोलली. पण वॅल्डाच्या अंगात वारं शिरलं. त्या दिवसापासून तिला पिक्चर म्हणजे पिक्चर नव्हताच, ती पोरीला माघारी आणायची वाट होती. जेसच्या मागे भुणभुण लावली. "कधी संपणार? कधी लावणार? शाळेच्या मैदानात चादर बांधू, मी बांधते चादर, तू फक्त तारीख सांग." जेस बिचारी म्हणायची, "मावशी, आधी शूटिंग तरी होऊ दे."

शूटिंग म्हणजे काय प्रकार असतो ते देव जाणे. एकच वाक्य दहादा बोलायचं. वॅल्डाचा जीव जायचा. "मघाशी सांगितलं की. बहिरी आहेस का?" असं कॅमेऱ्याकडे बघून विचारायची. कॅमेऱ्याकडे बघायचं नाही हे तिला शेवटपर्यंत जमलं नाही. पण एकदा रंगात आली की आम्ही सगळ्या गप्प व्हायचो. ती नुसती पाव कापत उभी असली तरी बघत राहावं असं वाटायचं.

आणि मग तिने ती चूक केली. गोष्टीतल्या बाईचा नवरा मरतो असं जेसने लिहिलं होतं. तिने भीतभीत विचारलं, कपाळाला पांढरी माती लावलेली एकदा दाखवता येईल का. आमच्यात नवरा गेल्यावर बाई केस कापते, अंगाला पांढरी माती फासते. त्या मातीचा खेळ करत नाहीत. मी स्पष्ट सांगितलं, "हात दाखवून अवलक्षण करू नका. मरण ऐकत असतं." जेसने लगेच माघार घेतली, तिला दोष देणार नाही मी. पण वॅल्डाला घाई. नवीन काही लिहायचं तर आणखी दिवस जाणार, आणि तिला दिवस नको होते. तरातरा स्वयंपाकघरात गेली, डब्यातून पीठ काढलं, पाणी घातलं, कालवलं आणि कपाळाला फासलं.

"ही माती कुठेय आक्का? हे भाकरीचं पीठ आहे. पीठ कुणाला मारत नाही."

बाकीच्या हसल्या. मी हसले नाही. मी उठून हायवेपर्यंत जाऊन आले.

तिचा एकच प्रसंग उरला होता, शेवटचा. गोष्टीतली बाई आपल्या मुलीपुढे बसते आणि सगळं सांगते, का मारलं, का गेले, का राहिले. जेसने शब्द लिहिले नव्हते. "तुझे तू बोल," म्हणाली. वॅल्डा आठवडाभर ते पुटपुटत हिंडत होती, पाव भाजतानाही, कपडे वाळत घालतानाही. मी ऐकायला गेले की गप्प व्हायची. ते ती कुणासाठी घोकत होती ते सांगायला नको. कॅमेरा शुक्रवारी परत द्यायचा होता, आणि गुरुवारी दुपारी हे करायचं ठरलं होतं.

गुरुवारी सकाळी यलो वेलहून फोन आला. वॅल्डाचा नवरा गेला. मूत्रपिंडं तर कधीचीच गेली होती, मशीनवर जायचा कंटाळा करायचा, झोपेतच गेला. फोन मी घेतला होता. मी वळले तर वॅल्डा दारात उभी. माझं तोंड बघूनच तिला कळलं.

आता आमची रीत अशी, की नवरा गेला की बाईने बोलायचं नाही. दोन दिवस नव्हे. वर्ष, कधी दोन वर्षं. विधवांच्या तळावर जाऊन राहायचं, हातांनी खुणा करून बोलायचं, आणि सासरच्या बायका बोलायची मोकळीक देतील तोवर तोंडातून शब्द काढायचा नाही. हाताची ती भाषा आम्हा म्हाताऱ्यांना येते, अख्खी येते, भांडणसुद्धा करता येतं तिच्यात. हल्लीच्या पोरी शिकत नाहीत. त्यांचे अंगठे फोनवर चालतात तेवढेच.

मी तिचा दंड धरला. म्हटलं, "ऐक. तू त्याला सोडून किती वर्षं झाली! कसली विधवा तू? ज्याने हात मोडला त्याच्यासाठी जीभ कापून ठेवणार? दुपारी बोल तुझं ते, पिक्चर पुरा कर, मग हवं तर जा. तुला कळलं कधी ते कोण विचारतंय? फोन मी घेतला होता. मी संध्याकाळी सांगितलं म्हणून सांगेन."

जेस आली. तिला सांगितलं तर ती आधी रडली, मग म्हणाली, "मावशी, तुझं तू ठरव. थांबायचं तर थांबू. पण खरं सांगते, पुन्हा कॅमेरा मिळेल असं वचन मी देऊ शकत नाही." खरं बोलली. तिचंही सगळं त्यात अडकलेलं.

वॅल्डा एकदा माझ्याकडे बघे, एकदा जेसकडे. ओठ हलले. मला वाटलं, बोलणार. मग तिने हात उचलला आणि तोंडावर ठेवला. बस्स. तिथे तिचं बोलणं संपलं.

मी भडकले. काय काय बोलले ते आता आठवत नाही, पण अंगणातली कुत्री पळाली एवढं खरं. ती शांत उभी राहिली, आणि मी दमल्यावर बोटांनी सांगितलं. पोरीचा बाप. मी रीत पाळते का ते पोर बघणार.

मी गाडी मागायला गेले. कपाळ माझं!

गाडी माझ्या भाच्याची, टायर रामभरोसे. निम्म्या रस्त्यात वारा सुटला, लाल धुळीत पुढचं दिसेना. वॅल्डा मागे बसली होती. हो, बसली होती, आणि त्याचीच मला धास्ती वाटत होती. एरवी तिने साऱ्या वाटेत किती तोंड चालवलं असतं! मी एकटीच बडबडत होते, तिच्या वाटणीचंही. माझे पाय गाडीत ठरत नव्हते.

यलो वेलला पोचलो तर त्याचं घर रिकामं करून झालं होतं, गेलेल्याने माघारी येऊ नये म्हणून झाडाच्या डहाळ्यांनी त्याच्या पाऊलखुणा झाडून टाकलेल्या. बायकांचा तळ गावाबाहेर, काटेरी झुडपांच्या आडोशाला. रडणं दुरूनच ऐकू येत होतं. वॅल्डा उतरली आणि थेट आत गेली. तिचे केस कापले. माती फासली, खरी माती, डोक्यापासून पोटापर्यंत. मी बघत होते. त्या पांढऱ्या तोंडात तिचे डोळे तेवढे ओळखीचे राहिले.

टनीशा होती तिथे, आत्याच्या मागे. उंच झालेली, बापाचं कपाळ, आईचे खांदे. आईकडे बघत नव्हती. वॅल्डाही तिच्याकडे सरळ बघत नव्हती, पण पोर हलली की हिचं डोकं हलत होतं.

दुसऱ्या दिवशी लोर्ना उभी राहिली. हेही रीतीतलंच. ज्याला दोष द्यायचा त्याला तोंडावर, सगळ्यांदेखत द्यायचा, मनात ठेवून कुजवायचा नाही. लोर्नाचा आवाज रडून फाटलेला. "हिने मारलं माझ्या भावाला! एकदा काठीने मारायला गेली, मेला नाही. म्हणून कॅमेऱ्यापुढे पांढरी माती फासली, जिवंत नवऱ्याच्या नावाने! पिक्चरवाल्यांनी टाळ्या वाजवल्या, आणि इकडे माझा भाऊ गेला! हिने त्याचं मरण बोलावलं!"

बायकांत गलका उठला. कुणीतरी काठी आपटली. वॅल्डा मान खाली घालून बसली होती. तिला उत्तर देता येत नव्हतं. उत्तर द्यायचं काम बहिणीचं, म्हणजे माझं.

मी उठले. "पीठ होतं ते, पीठ! कावळा बसायला आणि फांदी तुटायला एक गाठ. तुझा भाऊ मशीनवर जात नव्हता, म्हणून मेला. आणि माती-पीठ सोड, हिचा हात कुणी मोडला ते सांग ना आधी इथे! तेव्हा कुठे होतीस तू?"

"खोटं! ती पडली होती! सगळ्यांना माहीतेय ती पिऊन पडली!"

"तू बघायला आली होतीस?"

"तू आली होतीस?"

खरं म्हणजे मीही नव्हते तिथे. लोर्नाला ते ठाऊक होतं. ती माझ्या अंगावर आली, मी तिच्या अंगावर गेले, मधे बायका पडल्या. माझ्या बोलण्याने बहिणीचं भलं होण्याऐवजी आगीत तेलच पडलं. मला धरून खाली बसवलं. माझ्या मनात एकच की मी हिचं वाटोळं केलं, आता ही पोर हिच्या वाऱ्याला उभी राहायची नाही.

"मी होते," कुणीतरी म्हणालं.

टनीशा उभी होती. हात छातीशी घट्ट बांधलेले.

"मी होते तिथे. पलंगाखाली. ती पडली नव्हती, आत्या. बाबाने हात धरून दारात घातला आणि दार आपटलं. आवाज आला. मला अजून ऐकू येतो तो." लोर्नाने तिच्याकडे हात केला, पोरीने तो बाजूला सारला. "मला बाबा आवडायचा. तो मला मासे धरायला न्यायचा. मी रडतेय त्याच्यासाठी, खोटं नाही रडत. पण तो मारायचा. मी पाहिलंय. मला कुणी विचारलं नाही म्हणून मी सांगितलं नाही."

लोर्ना मटकन खाली बसली आणि तोंडावर हात घेऊन हमसून रडायला लागली. मला तिचीही दया आली, काय सांगू. भाऊच तो तिचा.

मला वाटलं, सुटलो. मी वॅल्डाकडे बघून हसलेसुद्धा. पण पोरीचं संपलं नव्हतं. ती मातीतून चालत आईपुढे आली आणि उभी राहिली.

"आणि तू," ती म्हणाली. "तू काठी मारलीस आणि बाहेर पळालीस. मी पलंगाखालीच होते. तू मला घ्यायला वाकली नाहीस. मी तुला हाका मारत होते. तू का नाही आलीस?"

देवा रे. हे मला माहीत नव्हतं. वॅल्डाने मला हे कधी, इतक्या वर्षांत, इतक्या बडबडीत, सांगितलं नव्हतं. आठवडाभर ती काय घोकत हिंडत होती ते आता माझ्या ध्यानात आलं. उत्तर तिच्या तोंडात तयार होतं. तिने तोंड उघडलं. मी पुढे झुकले. सगळ्या बायका बघत होत्या. एक शब्द निघाला असता तर सगळं फुकट गेलं असतं, आणि नाही निघाला तर पोर गेली असती.

तिने तोंड मिटलं. हात उचलले. तो वाकडा डावा हातही. आणि बोलायला लागली. भरभर, थांबत, पुन्हा मागे जाऊन, एका हाताने दुसरा हात पुसून टाकत. मी वाचत होते आणि माझ्या डोळ्यांना धार लागली होती. पण टनीशाला त्यातलं अक्षर कळत नव्हतं. ती आईच्या हातांकडे बघत होती, मग तोंडाकडे, मग पुन्हा हातांकडे, कपाळाला आठ्या घालून.

हात थांबले. मी डोळे पुसले आणि म्हटलं, "पोरी, मी सांगते ती काय म्हणाली ते."

"नको, मोठी आई."

"अगं ऐक तर. तिने सगळं सांगितलंय."

"तू नको सांगूस. मला तिच्याच तोंडून ऐकायचंय." ती लोर्नाकडे वळली. "आत्या, हिला बोलायला कधी देणार?"

लोर्नाने मान वर केली नाही. नाक ओढत म्हणाली, "वर्ष जाईल. जास्तही जाईल."

टनीशाने जाऊन आत्याच्या अंथरुणाशेजारची आपली घोंगडी उचलली, धूळ झटकली, आणि आईच्या बाजूला जमिनीवर टाकली.

"बरं," ती म्हणाली. "मग मी इथेच थांबते."